गल्लीतलं पहिलं दार

प्रिय धाकट्या,

अंगावर चीवर आल्यापासून तुला ‘भंते’ म्हणायचं, हे कळतं मला. पण हे पत्र बहिणीचं आहे, चालवून घे. तीन दिवस झाले, मनात शंकेची पाल चुकचुकते आहे. स्वातंत्र्य मिळून चार वर्षं झाली तरी आमच्या गल्लीतलं गटार कोणी साफ केलं नव्हतं. सोमवारी ते साफ झालं, मंगळवारी भिंतींना चुना लागला, आणि काल दोन माणसं माझ्या दारात सकाळचं ऊन कुठून येतं ते विचारून गेली. सरकारला आपला एवढा पुळका आला की मला धडकीच भरते.

आपल्या घरची खबर कोणीतरी बाहेर पुरवतंय असं वाटलं, आणि आधी समोरच्या शिंप्याचा संशय आला. हल्ली शिवणापेक्षा त्याचं लक्ष माझ्या दाराकडेच. मग तुमच्या विहारातला तो नवा उपासक, प्रवचनात डोळे मिटायचे सोडून माणसं मोजणारा. निवडणूक तोंडावर आली आहे. दोन्ही पक्षांना भिक्षू आपल्याच बाजूला हवेत, आणि तुम्ही दोघांच्याही जखमींना एकाच ओसरीवर झोपवता. हे कोणाच्याच पचनी पडत नाही. शिंप्याशी मी चांगली कडाकडा भांडले. बिचाऱ्याच्या कापडावर चुन्याचे शिंतोडे उडाले होते, एवढंच.

खरं आज दुपारी कळलं, सरकारी कचेरीत, माझ्याच टाइपरायटरवर उद्याचा कार्यक्रम टाइप करताना. उद्या सकाळी मंत्री एका साध्या घराच्या दारात भिक्षूला स्वतः अन्न वाढणार, आणि तो फोटो प्रचाराला. पत्ता माझा. तो दिला कोणी? मीच रे! साहेबांनी गोड बोलून विचारलं, आणि मी फुशारकीने सांगितलं की माझा भाऊ एकही घर वगळत नाही, वाढणारा कोण ते पाहत नाही, आणि गल्लीतलं पहिलं दार माझं.

घेतलंस तर तू यांचा ठरशील, नाकारलंस तर त्यांचा. असल्याच एका फोटोपायी गेल्या महिन्यात नदीपलीकडचा विहार जाळला. म्हणून लिहिते आहे. संघाचं अहित करणाऱ्या गृहस्थापुढे पात्र पालथं धरतात, हे तूच मला सांगितलं होतंस. आज संध्याकाळीच संघापुढे माझा अपराध मांड, सगळ्यांचा ठराव करून घे, आणि उद्या माझ्या दारात पात्र पालथं धर. पळी मंत्र्यांच्या हातात असली तरी घर माझं आहे, तेव्हा नकारही मलाच. माझ्या हातचा घास तुला पुन्हा कधी चालेल, ते संघ ठरवील. चालताना नजर खाली ठेवायचा तुमचा नियम आहेच. उद्या तो नीट पाळ, कारण मला रडू आवरणार नाही.

तुझीच,
ताई