मागून धरलं की झालं

मंगळवार, २८ ऑक्टोबर
रविवारी समुद्राला जायचं. नागावला! राजेंद्र म्हणाला, आई, तुझे गुडघे. तू घरीच थांब. म्हटलं, थांबते की. पण तितं कुणाला काय डसलं तर? आमच्या तिकोणा पेठेत विंचू, गोम, गांधीलमाशी, काय बी डसू दे, माणूस आधी माझ्या ओट्यावर येतो, मग दवाखान्यात. सून अनघा म्हणाली, चला तुमीपण. तिला कळतं.
ठराव: गुडघ्यांचं नाव काढायचं न्हाई.

गुरुवार, ३० ऑक्टोबर
नातीनं, तेजलनं, मोबाइलात जेलीफिश दाखवला. किनाऱ्यावर येऊन पडतात म्हणे. ना डोकं ना पाय, पाणी सुटलेला खरवस नुसता. हसूच आलं. ती म्हणाली, आजी, डसला तर चोळायचं न्हाई, गोडं पाणी लावायचं न्हाई, समुद्राच्याच पाण्यानं धुवायचं. सातवीतली पोर मला शिकवणार! बरं बाई म्हटलं आणि पिशवीत चुना, कांदा, हळद भरली. पिशवी जड झाली. अनघाकडं दिली.

रविवार, २ नोव्हेंबर. सकाळी, गाडीत
घाटात मला उलटी झाली न्हाई. तेजलला झाली. तिला सांगितलंय, मी असताना भ्यायचं न्हाई. ओढ्याच्या बिळात हात घालून खेकडं काढणारी बाई हाय मी. मागून धरलं की झालं, नांगी पोचतच न्हाई.

रविवार. दुपारी, डाव्या हातानं
समुद्र लय मोठा. पवना धरण म्हणजे त्याच्यापुढं घंगाळ. वाळूत एक जेलीफिश पडलेला, मेलेला. तेजल ओरडली, मेला असला तरी हात लावू नको! पोरीची भीती मोडायला पायजे होती. मागून धरला.
त्याला मागची बाजूच न्हाई.
मी काय ओरडले न्हाई. राजेंद्र म्हणतो, लांबची घोडागाडी थांबली. चुना मागितला तर तेजलनं पिशवी लपवली. चोळायला गेले तर मनगट धरून पाण्याकडं नेलं. खाऱ्या पाण्यानं धुतलं. अनघाच्या भुवयांच्या चिमट्यानं हाताला चिकटलेला त्याचा एकेक दोरा काढला. टपरीवरनं सोसेल इतकं गरम पाणी आणून हात बुडवला. सारखी विचारत होती, आजी, दम लागतोय का? लागला तर आत्ताच्या आत्ता दवाखान्यात जायचं. म्हटलं, दम न्हाई, भूक लागलीय. पोरगी जराबी भ्याली न्हाई. माझ्यावर गेलीय.

सोमवार, ३ नोव्हेंबर
हातावर लाल वळ. शेजारच्या धोंडाबाईला सांगितलं, मुद्दाम लावून बघितला, औषध कळावं म्हणून. व्हय का, म्हणाली. पण हसली. अनघानं आधीच सांगितलंय वाटतं.

बुधवार, ५ नोव्हेंबर
सकाळीच धोंडाबाई ओट्यावर. बोट टम्म सुजलेलं, गांधीलमाशी. बघ, आली का न्हाई! मी चुन्याची डबी उघडली. ती माझ्या खांद्यावरनं आत बघत म्हणाली, आक्का, तेजल हाय का घरात?
म्हटलं, बस. अंघोळीला गेलीय.
डबी उघडलीच होती, तर पान लावलं. दोघींनी खाल्लं.