बडोद्याची चूक

सुभानपुरा, बडोदे
११ जुलै १९९९

प्रिय निरू,

हे पत्र अण्णांच्या खोलीत उघडू नकोस. स्वयंपाकघरात ने, कुकर लाव आणि शिट्ट्यांच्या आवाजात निवांत वाच. पाकिटात एक घडी घातलेला कागद वेगळा आहे, तो अण्णांसाठी. त्याचं शेवटी सांगते. लिलो चेवडो शेजारच्या ईशानीबरोबर धाडलाय, ती पुण्यात शिकायला असते. तुमच्या कोथरूडच्या लोकांना चार दाणे दे, म्हणजे आजवर आपण चिवडा म्हणून काय खात होतो ते त्यांना कळेल.

तुझं पत्र वाचल्यापासून माझं कशात लक्ष नाही. अण्णांना आज वार कुठला ते सांगता येत नाही, जेवण झालं की नाही हेही आठवत नाही, पण जून लागलेला बरोबर कळतो आणि रोज विचारतात, उषाचं पत्र आलं का, यंदा वर्गात किती मुलं? निरू, ते 'किती' ऐकत मी वाढले. तुमच्या दारावरून मी शाळेत जाताना ते मला हाक मारून, यंदा संस्कृत किती जण घेणार म्हणून विचारायचे, आणि नववीच्या संस्कृतच्या वर्गात तीस मुलं असली तर 'तीसच?' म्हणायचे. पुढे निवृत्त होताना त्यांनी आपला खडू माझ्या हातात दिला तेव्हा आशीर्वाद-बिशीर्वाद काही नाही, एवढंच म्हणाले की वर्ग रिकामा ठेवू नकोस. डोळे गेल्यावर तू त्यांना पुण्याला घेऊन गेलीस, तेव्हा स्टेशनवरसुद्धा गाडी हलेपर्यंत हेच चाललं होतं.

तर आता ऐक. नवे ट्रस्टी आल्यापासून नियम झालाय की नववीला एक तर संस्कृत घ्यायचं, नाही तर कॉम्प्युटर, आणि पंधरा मुलं असतील तरच वर्ग चालेल. कॉम्प्युटर अमेरिकेतल्या एका माजी विद्यार्थ्याने दिलेत. खोली कुठली दिली असेल? आपली. खिडकीबाहेर बदाम असलेली, कोपऱ्यातली. तिथे आता एसी बसलाय. धूळ जाऊ नये म्हणून मुलं बाहेर चपला काढून रांगेत लावतात आणि देवळात शिरल्यासारखी दबक्या पावलांनी आत जातात. अण्णांच्या वर्गात कोणी चपला काढल्याचं मला आठवत नाही. उद्घाटनाला कॉम्प्युटरच्या पडद्यावर कुंकवाचं स्वस्तिक काढलं, नारळ वाढवला, आणि मंगलाचरण म्हणायला कोणाला उभं केलं सांग! संस्कृत येणारी मी एकटीच ना शाळेत. म्हटलं. आवाजही चांगला लागला मेला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.

मे महिनाभर मी कायनेटिकवरून घरोघर हिंडले. समा झालं, छाणी झालं, एक वस्ती सोडली नाही. लोक वाईट नाहीत गं. पाणी देतात, सरबत देतात, तुम्ही आमच्या मोठीला शिकवलंत म्हणून पाया पडतात. समाला एक आई म्हणाल्या, "बेन, संस्कृत स्कोरिंग आहे ते ठाऊक आहे, पण पछी शुं?" मग पुढे काय, असं विचारत होत्या. मी संस्कारांबद्दल काहीतरी बोलले, आणि बोलता बोलता माझं मलाच ते सेल्समनसारखं वाटलं. तरीही चौदा मुलं जमली. मोहना नावाच्या एका मुलीने तर वडिलांशी तीन दिवस अबोला धरून संस्कृत मिळवलं. चौदा म्हणजे काय, आता पंधरावा कुठूनही येईल असं मी धरून चालले होते.

पंधरावा माझ्या घरातच होता. शुभंकर यंदा नववीत गेला.

आता तू म्हणशील, मग अडलं कुठे? अरविंदच्या कंपनीने हिवाळ्यात माणसं कमी केली. त्याला नाव छान दिलंय, स्वेच्छानिवृत्ती. स्वेच्छा कोणाची ते विचारू नकोस. तो घरी असतो, चांगले चालणारे पंखे उघडून पुन्हा जोडतो, आणि रविवारच्या पेपरातल्या नोकरीच्या जाहिराती वाचतो. त्यात सगळीकडे एकच शब्द, कॉम्प्युटर. शुभंकरही ते वाचतो. विषय सांगायच्या आदल्या संध्याकाळी मी पोळ्या करत होते, तेव्हा तो ओट्याशी येऊन उभा राहिला. म्हणाला, "आई, मला कॉम्प्युटर पाहिजे. पण तुला खराब लागणार असेल तर संस्कृत घेतो." निरू, त्याने हट्ट केला असता तर मी भांडले असते. पोरगा माझ्या तोंडाकडे बघत होता. बाहेर अरविंदने पेपर उचलून तोंडापुढे धरला, म्हणजे बापाचंही मत कळलं. एक वाक्य म्हणायचं होतं मला, घे संस्कृत, एवढंच. तोंडून काय निघालं? "खराब लागणार नाही रे, वाईट वाटणार म्हणावं. आणि नाही वाटणार. घे कॉम्प्युटर." बडोद्याच्या पोराचं मराठी सुधारलं आणि अण्णांचा वर्ग बुडवला, एकाच दमात.

दुसऱ्या दिवशी मुख्याध्यापकांकडे गेले. उदयसिंहराव सज्जन माणूस, आपल्या अण्णांचाच विद्यार्थी. खुर्चीवरून उठून उभे राहिले. म्हणाले, "उषाबेन, चौदावर नाही चालत. ट्रस्टींपुढे हुं शुं करुं, मी तरी काय करू, तुम्हीच सांगा." आम्ही दोघांनी चहा घेतला. त्यांनी मला विचारलं नाही की शुभंकरने काय घेतलं, त्याबद्दल मी त्यांची जन्माची ऋणी आहे. शिक्षकांच्या खोलीत मात्र 'दिव्याखाली अंधार' हे शब्द मी आत शिरता शिरता ऐकलेच. खोटं काय होतं त्यात?

आता मी पाचवीला मराठी शिकवते, आणि आठवड्यातून तीनदा कॉम्प्युटरच्या तासाला बसते. तो शिकवणारा मुलगा कालच कॉलेजातून बाहेर पडलाय, त्याला वर्ग आवरत नाही, म्हणून दंगा होऊ नये एवढ्यासाठी मला मागे बसवतात. आपल्याच खोलीत, निरू. फळा काढलाय, त्याचे खिळे तसेच आहेत. माझी चौदाही मुलं तिथेच असतात. मोहना माझ्याकडे बघत नाही. शुभंकर बघतो, आणि ते जास्त जड जातं. त्याला शाळेत कळलं की एका मुलावरून वर्ग गेला. घरी येऊन म्हणाला, "मला सांगितलं का नाहीस?" मी त्याला गरम पोळी वाढली. हात टेकले म्हणतात ना, तसं झालंय. रडावं तर कोणाच्या नावाने, हेही कळत नाही. इथे वाईट असं कोणीच नाही.

तुला आपली आठवीच्या सुट्टीतली परीक्षा आठवते? नववीआधी थोडं संस्कृत कानावरून जावं म्हणून अण्णांनी आपल्याला ओसरीवर बसवलं होतं. 'दूतः वार्ताम् आनयति' ह्याचं मराठी करायचं होतं, आणि तू उत्तर लिहिलंस, दूत गोष्ट आणतो. अण्णांनी मोठ्ठा भोपळा दिला. सख्ख्या मुलीला! मग जेवताना समजावलं होतं की वार्ता म्हणजे बातमी, खरी घडलेली. गोष्टीला वार्ता गुजरातीत म्हणतात, ते फाटकाबाहेर ठेवून आत यायचं. दर वर्षी एक तरी मूल ते चुकायचंच, आणि अण्णा मला वह्या दाखवून म्हणायचे, आली बघ बडोद्याची चूक. रागावल्यासारखं करायचे, पण ती चूक सापडली की त्यांना बरंच वाटायचं. मलाही वाटायचं. यंदा ती चूक करायलाच कोणी नाही.

म्हणून हे पत्र, निरू. फोनवर मला जमलं नसतं, माझ्या आवाजावरून त्यांनी लगेच ओळखलं असतं. तो घडीचा कागद त्यांच्या उशाशी बसून मोठ्याने वाच. संस्कृतात आहे, पण तुला उच्चारता येईल इतकं सोपं लिहिलंय. त्यात आहे की वर्ग चालू आहे, मुलं पंधरा आहेत, खोली तीच आहे, आणि उषाचा मुलगा शुभंकर पहिल्या बाकावर बसतो. खोलीचं आणि पहिल्या बाकाचं तेवढं खरं आहे. शेवटी मी लिहिलंय, 'इति वार्ता'. अण्णा ते संस्कृतात ऐकतील आणि शांत झोपतील. तू मात्र तो शब्द आठवीतल्यासारखाच वाच. ह्या वेळी तुझं उत्तर बरोबर आहे.

तुझीच,
उषा