किल्लीचं वाक्य

४ मार्च

"चारच वाक्यं आहेत तुला. पण ती कुणाला देऊ नकोस." पहिल्या नाटकाच्या तालमीत मास्तर म्हणाले होते. एकोणीस वर्षांची होते मी. पुढची सत्तावीस वर्षं नर्स, शेजारीण, मोठी बहीण. सिनेमात तर माझ्याहून दोन वर्षांनी मोठ्या हीरोची आई झाले! वाक्यं फारशी वाढली नाहीत, पण एकही दिलं नाही कुणाला.

आज गेलं.

आताच्या नाटकात मी मोठी बहीण. तिसऱ्या अंकात धाकटी विचारते, "दार कुणी उघडलं?" ही धाकटी म्हणजे ताई, आमच्या नायिका. (खरं वय माझ्याहून जास्त, ते सोडा!) मी म्हणायचं, "किल्ली माझ्याकडे कधी नव्हतीच." अख्ख्या नाटकात तेवढाच क्षण माझा. आज ताईच बोलून मोकळ्या — "किल्ली तुझ्याकडे कधी नव्हतीच!" वर टाळी घेतली.

९ मार्च

पुन्हा तेच! नंतर मेकअपरूममध्ये म्हणतात, "चहा घे गं." मोठ्या गोड. मी कप तसाच परत सरकवला.

१० मार्च

दिवसभर तेच वाक्य घोकतेय. भांडी घासताना, जिना चढताना. पाठ आहे. पाठच आहे!

१६ मार्च

प्रयोगाआधी बोललेच, सगळ्यांदेखत. "ताई, तुम्हाला तुमची वाक्यं कमी पडतात का?"

ताईंचा पफ गालापाशीच थांबला. मग म्हणाल्या, "चुकलं गं माझं." दिग्दर्शकाने मान खाली घातली. त्याने का घालावी?

आणि तरीही तिसऱ्या अंकात — पुन्हा! हद्द झाली.

१७ मार्च

लेक काल प्रयोगाला होती. तो प्रवेश तिने फोनवर घेतलाय. "आई, नको ना बघूस." मी फोन हिसकावलाच.

ताई विचारतात, "दार कुणी उघडलं?" मी उभी. तोंड किंचित उघडं. ताई पुन्हा विचारतात. जवळ येऊन माझा हात धरतात. मी त्यांच्याकडे बघतेय — कुणी अनोळखी बाई असावी तसं. सात सेकंद. दोनदा मोजले. मग त्या बोलतात.

ते सात सेकंद मला आठवत नाहीत. त्यांनी हात धरलेलाही आठवत नाही.

लेक रडत होती. "पहिल्यांदा झालं ना, त्याच दिवशी ताईंचा फोन आला मला. दिग्दर्शक तुझ्या जागी दुसरी कुणी शोधू म्हणत होते. ताई म्हणाल्या, ती नसेल तर मीही नाही. आणि तुला सांगायचं नाही म्हणाल्या."

चुकलं गं माझं, म्हणे!

१८ मार्च

डॉक्टरांची वेळ घेतलीय, सोमवारची.

उद्या प्रयोग. आधी माफी मागेन. मग म्हणेन — ताई, हात धरा, पण वाक्य माझं मला राहू द्या. नाहीच आलं, तर पडदा पडेपर्यंत गप्प राहू द्या.

नाही म्हणतील. ओळखते ना मी त्यांना — आता.