त्रेसष्ट मरणं आणि एक होडी

लिहून ठेवणार मी, काळुराम बामा मढवी, वय वर्षे एकाहत्तर, धंदा सिनेमात दुसऱ्यांच्या गोष्टीत मरणे, राहणार दिवा गाव, जिल्हा ठाणे. हे मी राजीखुशीने, कोणाच्या दडपणाखाली न येता आणि रविवार असूनही एक थेंब न घेता लिहीत आहे. माझी बुद्धी शाबूत असल्याचा दाखला डॉ. चित्रा केणे यांनी दिला आहे. त्यांनी तपासताना आजचा वार विचारला, तो मी चार वेगवेगळ्या आवाजांत सांगितला.

मी हिंदीत सदतीस आणि बंगालीत सत्तावीस असे चौसष्ट सिनेमे केले. हवालदार, पुजारी, मुनीम, पाद्री, सगळं झालो. त्यांपैकी त्रेसष्टांत मेलो. बंगालीत शिरलो तो होडीमुळे. हिंदी शूटिंगला कोलकात्यात गेलेलो, तिथल्या एका दिग्दर्शकाला होडी वल्हवता येणारा नट मिळेना. आम्ही मिठागरातली माणसं, खाडीत वाढलेली. मी होडी अशी फिरवली की त्याने भाषा विचारलीच नाही, मुक्याची भूमिका दिली. बंगाली पुढे खाणावळीत शिकलो. भात आणि मासे म्हणजे घरचंच, फक्त कालवणात साखर घालतात. घरी येऊन एकदा मी शकूच्या कालवणात साखर मागितली, तो विषय इथे नको.

कलम १. दिव्यातलं तीन मजली घर, खालचे दोन गाळे आणि गच्चीवरची पाण्याची टाकी माझी पत्नी शकू हिला. टाकीत पाणी येईल याची हमी मी देत नाही. सिनेमात सात वेळा बुडून मेलो, पण घरी मनसोक्त आंघोळ काही झाली नाही. शकूनंतर हे सगळं आमची मुलगी कल्पिता हिचं.

कलम २. कपड्यांची ट्रंक, म्हणजे खाकी वर्दी, वकिलाचा कोट, पाद्र्याचा झगा आणि एकवीस मिश्या, माझा मित्र अल्फान्सो यास. पस्तीस वर्षं त्याने माझ्या तोंडाला रंग लावला आणि दर वेळी म्हणाला, "काळू, तुझ्या तोंडावर मेहनत लय पडते रे." झगा घालून त्याने चर्चच्या जत्रेला जाऊ नये. मी गेलेलो. एका म्हातारीने आपली पापं सांगायला घेतली आणि मला ती शेवटपर्यंत ऐकावी लागली.

कलम ३. चुलतभाऊ सीताराम यास माझा हार घातलेला मोठा फोटो. अठरा मालिकांत मी नुसता हा फोटो म्हणून काम केलं, कोणाचा मेलेला बाप, कोणाचा मेलेला सासरा. सीताराम गावभर सांगत फिरला, "काळ्या कसली ॲक्टिंग करतो? भिंतीवर लटकतो!" तर आता त्याच्याच भिंतीवर लटकेन, टीव्हीच्या बरोबर वर. माझ्या खऱ्या मयताला मात्र दुसरा फोटो लावावा. हा सगळ्यांचा बघून झालाय, कोणाला रडू येणार नाही.

कलम ४. हे सगळ्यात महत्त्वाचं. माझा पहिला सिनेमा कल्याणला लागला तेव्हा सगळं गाव टेम्पो करून गेलं. शकू नवी नवरी. पडद्यावर दरोडेखोराने मला गोळी घातली आणि माझ्या आयेने हंबरडा फोडला, "माजा कालू गेला रं!" बायका रडायला लागल्या, दिवे लागले, खेळ थांबला. मी आयेच्या शेजारच्याच खुर्चीवर होतो. माझाच हात धरून ती माझ्यासाठी रडत होती. शकू रडली नाही. घरी येऊन एवढंच म्हणाली, "आजपासून तुमचा पिच्चर मी बगनार नाय." त्याला त्रेचाळीस वर्षं झाली.

लोकांनी टाळ्या दिल्या, कोलकात्यात शाल मिळाली. पण मी काय काम करतो ते माझ्या बायकोने पाहिलं नाही, हे मला आजही खुपतं. चौसष्टांतल्या एका बंगाली सिनेमात मी मरत नाही. म्हातारा नावाडी आहे, पुरातून होडी काढतो आणि शेवटी काठाला लागतो. त्याचा पेन ड्राइव्ह कपाटात शकूच्या साड्यांखाली आहे. मी गेल्यावर तेराव्याच्या आत कल्पिताने आईच्या शेजारी बसून, खालच्या इंग्रजी ओळी वाचून अर्थ सांगत सांगत, तो तिला पूर्ण दाखवावा. न पाहिल्यास काय, ते लिहीत नाही. शकूला धमकी देणारा अजून जन्माला यायचाय.

कलम ५. मी मेलो असं वाटल्यास आधी डॉक्टरांना बोलवावं. मरणाचा सराव मी घरी सोफ्यावर करत आलोय, त्यामुळे मी खरंच गेलो तरी शकू म्हणेल, "उठा, चा निवतोय." तिने दोनदा म्हणूनही उठलो नाही, तर मात्र समजावं.

पुरवणी, त्याच दिवशी. वरील मजकूर लिहून मी तोंड धुवायला गेलो, तेवढ्यात कागद शकूच्या हाती लागला. ती तो घेऊन ओटीवर आली.

"साड्यांखाली ठेवलाय व्हय? कवाच गावला मना," ती म्हणाली. "तुमी शूटिंगला गेलेले, कल्पितानी लावून दिला."

"म्हणजे तू पाहिलास?"

"हिंदी तर सगलेच बगलेत. दर येला सुकट आनाया कल्यानला जायची, ती काय सुकटच आनायची?"

तरी म्हटलं, आमच्या घरात इतकी सुकट का असते.

"पन शेवट नाय बगला," ती म्हणाली. "इंटरवल झाला का उठून घरी यायची. त्या पयल्या पिच्चरानंतर मी बगितलेल्या पिच्चरात तुमी एकदाबी मेले नाय."

"आणि होडीचा?"

"तो बी आर्धाच. पूर आला न मी उठले."

"अगं बाई, त्यात मी मरत नाही!"

"मना काय म्हाईत? त्रेसष्ट येला कोन मेलता?"

मला हसू आलं आणि रडूही आलं, दोन्ही खरं. संध्याकाळी आम्ही दोघं टीव्हीसमोर बसलो. मी अर्थ सांगायला लागलो तर म्हणाली, "गप बसा, दिसतंय मना." पूर आला तेव्हा तिने माझं मनगट धरलं, ते होडी काठाला लागेपर्यंत सोडलं नाही. मग पदराने डोळे पुसले आणि म्हणाली, "वल्हा बराबर मारलात. मामंजींनी शिकवलेला तसाच." चौसष्ट सिनेमांत एवढी शाबासकी मला कोणी दिलेली नाही.

सबब कलम चार रद्द समजावं, बाकी सर्व कायम. कलम पाच तिने अजून वाचलेलं नव्हतं, म्हणून मी कागद पुढे केला. तिने त्याची घडी घालून माझ्या खिशात ठेवली.

"इंटरवल झाला," ती म्हणाली, आणि चहा टाकायला उठली.

लिहून ठेवणार: काळुराम बामा मढवी (सही माझीच, भूमिकेतली नव्हे)

साक्षीदार, ज्यांनी माझ्यासमोर व एकमेकांसमोर सह्या केल्या:
१. डॉ. चित्रा केणे, दिवा
२. सुशांत भोईर, गाळा क्रमांक दोन, दिवा
(अल्फान्सोला साक्षीदार केलेलं नाही, कारण त्याला मिश्या मिळाल्यात.)

ठिकाण: दिवा, जिल्हा ठाणे
दिनांक: १४ सप्टेंबर २०२५