लोण्याले हळद

मंगळवार, दिवेलागणीले

पाकिटातल्या पिवळ्या बटरापायी माह्या लोण्याले कोणी विचारत नाही, म्हणून आज म्या लोण्यात चिमूटभर हळद घातली. हळद! अक्कल कुठं गेली होती? लोणी खपलं नाही त म्हैस विकावी लागन, त्या भेवानं.

मेहकरात डोशाची गाडी लावते ती शांताबाई, तिनं बोटानं चाखलं अन् हासलीच. "काऊन वं, लोण्याले हळद लावून नवरी केली काय? पिवळं त दुकानात भेटते. गिऱ्हाईक आता पांढरंच मागून राह्यलं. उद्यापासून रोज आण."

दुसरीनं गावभर केलं असतं. हिनं ते हळदीचं बी ठेवून घेतलं, घरी वरणाले फोडणी देते म्हणे. अन् मी ठोंबी, शरमेनं तिले धड 'बरं' बी म्हटलं नाही. उद्या पांढरं लोणी देईन, तवा पहिले तेच बोलीन.