उजव्या बाजूचा ठोका

प्रिय सुकन्या,

तू पाठवलेली फिल्म मोबाईलवर मिळाली. फोन केला असता, पण फोनवर मी भांडते. म्हणून लिहायला बसले.

आधी रागच आला. अकरा मिनिटांची फिल्म, त्यात चार मिनिटं संबळाच्या कातड्यावर माशी फिरायली. ना गाणं, ना कोणी सांगणारं. म्हटलं, ही पोरगी माशी बघायला नांदेडहून उदगीरपर्यंत आली होती का? आमच्या मालकांनी तीस वर्षं गोंधळात संबळ वाजवलं, तेव्हा कोणी फिरकलं न्हाई. लकव्यानं उजवा हात गेल्यावर तू आलीस. तेबी तुला तोंडावर ऐकवलं होतं मी. तरी तीन दिवस आमची भाकर खाऊन हसत राहिलीस.

मग तो तुकडा आला. मालक संबळाच्या डाव्या तोंडावर ठोका देतात, उजवं तोंड मुकं राहतं. मी निवडायची भाजी टाकून उठते, काठी घेते आणि उजवीकडं हाणते. आमच्यात बाईनं संबळाला हात लावायचा न्हाई. पण तो अर्धा ठोका मला ऐकवेना. कॅमेरा चालू हाय, हे ध्यानातच न्हाई. माझे दीर सुदाम भावजी दारातून बघून तसेच माघारी गेले. तेव्हा मीच तुला दरडावलं, तेवढं कापून टाक, न्हाईतर लातूरच्या महोत्सवात फिल्म दाखवायची न्हाई. तू वाद घातला न्हाईस. आधी दोघं मिळून बघा, मग सांगा, एवढंच म्हणालीस.

तू गेल्यावर मालकांनी संबळ फडक्यात बांधून ठेवायला सांगितलं होतं. माझ्याशी बोलणंबी तोडलं. परवा फिल्म लावली, तर तेवढाच तुकडा पुन्हापुन्हा लावायला लावला. शेवटी म्हणाले, उशिरा हाणलीस. आणि खाटेच्या लाकडावर डाव्या हातानं ठोका धरून दाखवला. आता चहा झाला की मला उजवीकडं बसवतात, चुकले की शिव्या घालतात. आठ महिन्यांनी घरात शिव्या ऐकायलेय, पोरी. हे तुझ्यामुळं.

भावजी अजून उंबऱ्याबाहेरूनच बोलतात. बोलू देत. तो तुकडा कापू नको. लातूरला दाखव, भावजी समोर बसले तरी दाखव. आणि फिल्मच्या शेवटी वाजवणारा म्हणून एकट्या मालकांचं नाव आलंय, त्याच्या शेजारी माझं टाक. हे त्यांनीच लिहायला सांगितलंय, आणि मलाबी पाहिजे.

तुझीच,
अयोध्यामावशी