कालशून्य जीवांचं तिसरं प्रकरण

रवि., ४ जाने.
गास गावच्या वाचनालयात व्याख्यान. विषय: परग्रहावरच्या जीवांना काळ कसा जाणवतो. श्रोते अकरा. त्यातले दोघे पेपर वाचायला आलेले, ते शेवटपर्यंत वाचतच होते. अध्यक्षांनी ओळख करून देताना मला 'ज्योतिषाचे अभ्यासक' म्हटलं. एकतीस वर्षं ज्युनियर कॉलेजात फिजिक्स शिकवल्याचं हे फळ. नंतर एका गृहस्थांनी मुलीच्या लग्नाचा योग विचारला.

खुर्च्या भराव्यात म्हणून बायकोने, सु.ने, मोनिकालाही आणून बसवलं होतं. पाचूबंदरची, वीस वर्षं आमच्या दारावर मासळी घालते. टोपली बाहेर ठेवून मागच्या रांगेत बसली. शेवटी तिनेही हात वर केला. मी आभार मानून सभा आटोपली. सु.ला एवढंच म्हटलं की पुढच्या वेळी खुर्च्या रिकाम्या राहिल्या तरी चालतील.

सोम., ५
मोनिका बोंबील घेऊन आली. कालचा प्रश्न ओट्यावर बसून सु.ला विचारला, मला ऐकू जाईल अशा बेताने.

माझ्या पुस्तकाचं तिसरं प्रकरण असं: ज्या ग्रहाची एकच बाजू कायम सूर्याकडे, तिथे ना दिवस ना रात्र. काहीच फिरून येत नाही, म्हणून तिथल्या जीवाला आधी नाही, नंतर नाही. कालशून्य जीव. पुस्तकाचा कणा हाच.

बाई म्हणते, "रात-दिस नसला तरी पानी येल-जाईल ना? आम्ही कुठं घड्याळ बघून होड्या काढतो?"

मी खिडकीतून म्हटलं, समुद्रच नसेल तर? मग मासळीपन नाय, म्हणाली, मग तिथं जीव कसला. सु. हसली. बोंबील चांगले होते, एवढंच तिच्या बाजूने लिहिता येईल.

मंगळ., ६
हसण्यावारी नेता येत नाही. भरती चंद्रामुळे, आणि त्या ग्रहाला मीच दोन चंद्र देऊन ठेवलेत. पान सात. काढावेत, तर पाचवं प्रकरण कोसळतं, ते त्या चंद्रांवरच्याच जीवांचं. ठेवावेत, तर समुद्राला भरती येणार, भरती फिरून-फिरून येणार, आणि जीव ती मोजणार. तिसरं गेलं. दुपारभर पळवाट शोधली. चंद्र लहान करून पाहिले, दूर ढकलून पाहिले. पाणी थोडं कमी चढतं. चढतंच.

नालासोपाऱ्याला म.ला फोन केला. जुना सहकारी, हल्ली क्लासेसचा मालक, विद्यार्थ्यांकडून उत्तरं पाठ करून घेऊन विज्ञान शिकवतो. तो म्हणाला तिसऱ्या प्रकरणापर्यंत वाचणार कोण, राहू दे तसंच. गाढव. पण खोटं बोलत नव्हता.

बुध., ७
विरारला प्रेसमध्ये. पानं लागलेली, सोमवारी छपाई. थांबवा म्हटलं. प्रेसवाल्याने लग्नपत्रिकांचा गठ्ठा दाखवला, थांबलो तर तुमचा नंबर यांच्यामागे. 'काल म्हणजे काय' हा माझा ग्रंथ चि. आणि चि. सौ. कां.च्या रांगेत. रविवारपर्यंत नक्की काय ते कळवतो म्हणून आलो.

शुक्र., ९
प्रकरण दोन दिवसांत नव्याने लिहिलं. पहिल्यापेक्षा बरं झालंय, हे जास्त लागलं. तळटीप घातली: 'एका स्थानिक स्त्रीच्या निरीक्षणावरून.' सु.ला टाइप करायला दिलं. तळटीपेपाशी थांबली.

"तिला नाव आहे."

टाइप केलं नाही, पानं टेबलावर ठेवून वाडीत केळींना पाणी सोडायला गेली. दोन वर्षं खपून पूर्ण हस्तलिखित तिने टाइप केलंय. शुद्धलेखन तिचं. आकृत्यांचे बाणही. ऋणनिर्देशात माझे दोन प्राचार्य आहेत, वाचनालयाचे अध्यक्ष आहेत (ज्योतिष!), म. सुद्धा आहे. ती नाही. हे ती बोलली असती तर भांडता आलं असतं.

शनि., १०
पाचूबंदरला गेलो. पूर्ण नाव विचारायचं, एवढंच काम. धक्क्यावर मासळीचा लिलाव चाललेला, आरडाओरडा, चपला चिखलात. शास्त्रार्थ करायला काय जागा. मोनिकाने कोळंबी निवडता निवडता ऐकून घेतलं. नाव कशाला पायजे, कसला कागद आहे, विचारलं. पुस्तकात, म्हटलं. त्याचं तिला काही वाटलेलं दिसलं नाही. तिचं डोकं अजून त्या ग्रहावरच.

"मास्तर, आज अष्टमी. भांगाचं पानी, चढलं काय न उतरलं काय, जोरच नाय. तुमच्या तिथं असं झालं तर तो जीव तेवडे दिस कसं मोजल?"

अकरा श्रोते, एक म., दोन प्राचार्य. कुणालाही हे विचारायचं सुचलं नसतं. मलाही सुचलं नव्हतं. उत्तर येत नाही असं मी वर्गात कधी म्हटलं नाही, तिथेही नाही म्हटलं. पुस्तकात येईल, म्हणालो. ती बरं म्हणाली. खरं वाटलं तिला.

पूर्ण नाव लिहून घ्यायचं राहिलं ते राहिलंच.

रवि., ११
दुपारी पुन्हा धक्क्यावर. सु. न सांगता बरोबर आली. जवळच्या किल्ल्याकडून आलेले पर्यटक, पाण्याकडे पाठ करून स्वतःचेच फोटो काढणारे. भांगाचं पाणी मोजायला खांबाला खडूने रेघ मारली. पाणी रेघेपाशी आलं आणि तिथेच राहिलं. चढतंय की उतरतंय, सांगता येईना. सु. म्हणाली उतरतंय. मला तसं वाटलं नाही. वाद घातला नाही, माझ्याकडे पुरावा काय.

पाच वाजता प्रेसवाल्याचा फोन. मी उचलेना म्हणून सु.ने घेतला. उद्या आहे तसंच छापायचं का, विचारत होता. दोन मिनिटं थांबा, म्हणाली, आणि फोन हातात धरून माझ्याकडे बघत राहिली. मी रेघेकडे.